पन्नास सह्यांचा प्रतिनिधी

सकाळी भोर, सासवड, बारामतीकडच्या गाड्या स्वारगेटच्या एसटी स्थानकात रिकाम्या होऊ लागल्या की गर्दीतली काही माणसं लगेच ओळखू येतात. हातात पिशवी, पिशवीत कोपरे दुमडलेली फाईल, फाईलमध्ये सातबाऱ्याचे उतारे, फेरफार, नोटिसा. सोबतीला बहुधा घरातलंच एखादं जाणतं माणूस. ही तारखेला आलेली मंडळी. पूर्वी ती शिवाजीनगरच्या बसची वाट बघत उभी राहायची. २९ सप्टेंबर २०२४ ला जिल्हा न्यायालय ते स्वारगेट हा मेट्रोचा भुयारी मार्ग सुरू झाला, तेव्हापासून त्यांतली बरीच सरकत्या जिन्यानं खाली उतरतात आणि मंडईच्या खालून थेट कोर्टापाशी वर येतात. नवा दावा असेल तर आधी वकीलपत्र. कोर्ट फीचं तिकीट, वेल्फेअरचं तिकीट आणि तळाशी सही किंवा अंगठा. त्यानंतर त्या माणसाच्या वतीनं बोलायचा अधिकार वकिलाचा.

दुसऱ्याच्या वतीनं बोलण्याच्या अधिकाराचा असाच एक लेखी कागद हाती घेऊन एका वकिलानं आणि त्याच्या सोबत्यांनी १८७० साली पुण्यात लोकांची प्रातिनिधिक सभा उभी केली. देशात तेव्हा निवडून आलेलं कायदेमंडळ नव्हतं आणि पुढं कित्येक वर्षं होणारही नव्हतं. त्या वकिलाचं नाव गणेश वासुदेव जोशी. लोक त्यांना सार्वजनिक काका म्हणत. शाळेच्या पुस्तकात ते 'खादीचे आद्य पुरस्कर्ते' एवढ्या एका ओळीत येतात आणि जातात. मला ती ओळ फार अपुरी वाटते. काकांनी खादी वापरली, तिचा प्रसार केला, हे खरंच. पण त्याआधी त्यांनी एका प्रश्नाचं उत्तर शोधलं होतं, आणि आपल्या सार्वजनिक जीवनात त्याहून मूलभूत प्रश्न थोडेच असतील. लोकांच्या वतीनं कोणी बोलावं, आणि तो अधिकार त्याला कोणी द्यावा?

उत्तर जिथं सुचलं ती जागा स्वारगेटहून दिसते. जेधे चौकातून सारसबागेच्या दिशेनं चालू लागलं की समोर पर्वती. नानासाहेब पेशव्यांनी टेकडीवर देवदेवेश्वराचं मंदिर बांधलं ते अठराव्या शतकाच्या मध्यावर. पेशवाई गेली तरी देवस्थान राहिलं, त्याचं उत्पन्न राहिलं आणि ते सांभाळणारे पंचही राहिले. १८६० च्या दशकाअखेर या पंचांच्या कारभाराबद्दल पुण्यात बरीच कुरकुर सुरू झाली. देवस्थान साऱ्या गावाचं. मग हिशेब मागायचा कोणी?

कोणत्याही गावात हा वाद झाला असता तर चार प्रतिष्ठित माणसं कलेक्टरकडं अर्ज घेऊन गेली असती. कलेक्टरानं पहिला प्रश्न हाच केला असता, की तुम्ही बोलता ते कोणाच्या वतीनं? तुम्ही सरदार असाल, सावकार असाल, शास्त्री असाल. पण गावानं तुम्हाला नेमलंय का? ज्यानं आयुष्य कचेरीत काढलंय त्याला हा प्रश्न विचारला जाण्याआधीच ऐकू येतो. जोशी तसे होते. मूळचे साताऱ्याचे, जन्म १८२८ चा. पुण्यात आधी सरकारी कचेरीत नोकरी केली, मग वकिलीची परीक्षा देऊन स्वतःचा व्यवसाय मांडला. विद्यापीठाची पदवी नव्हती, इंग्रजी ग्रंथांचा व्यासंग नव्हता. मात्र दप्तर कसं चालतं, कोणत्या कागदाला साहेब मान देतो आणि कोणता कागद टोपलीत जातो, हे त्यांना पुरतं ठाऊक होतं.

२ एप्रिल १८७० ला पुणे सार्वजनिक सभा स्थापन झाली. सीताराम हरी चिपळूणकर, शिवराम हरी साठे ही मंडळी बरोबर होती. औंधचे पंतप्रतिनिधी अध्यक्ष झाले. संस्थानिक, सरदार, इनामदार यांची नावं यादीत होती आणि त्या काळात ती असणं साहजिकच होतं. पण सभेच्या नियमांतला एक नियम मला या साऱ्या बड्या नावांहून मोलाचा वाटतो. सभासद व्हायचं तर किमान पन्नास प्रौढ माणसांच्या सह्यांचं मुखत्यारपत्र आणायचं. आमच्या वतीनं बोलायला आम्ही या गृहस्थाला नेमलं आहे, असं त्या पन्नासांनी लिहून द्यायचं. अशा रीतीनं ९५ सभासद झाले आणि त्यांच्यामागं सुमारे ६,००० माणसांची लेखी संमती उभी राहिली.

मुखत्यारपत्राची ही अट वकिलाच्या डोक्यातूनच आलेली वाटते. जमीनजुमल्याच्या व्यवहारात, कोर्टातल्या दाव्यात रोज लागणारा हा कागद. तो उचलून सार्वजनिक कामाला लावला की 'तुम्ही कोण' या प्रश्नाला छापील निवेदनानं किंवा घराण्याच्या नावानं उत्तर द्यावं लागत नाही. सह्या पुढं ठेवायच्या. सरकारच्या स्वतःच्या कोर्टात ज्या कागदाला मान आहे तो सरकारनं नाकारायचा कसा?

त्याच शतकात अमेरिकेत गावोगावचे वकील कायदेमंडळात जात होते. त्या वाटेवरचं सर्वांत परिचित नाव अब्राहम लिंकनचं. कायद्याच्या कुठल्याही महाविद्यालयात न जाता त्यानं पुस्तकं मिळवून वाचली, १८३४ मध्ये इलिनॉयच्या विधिमंडळात निवडून आला आणि १८३६ मध्ये त्याला वकिलीची परवानगी मिळाली. तिकडं ही वाट मळलेली होती. तालुक्याच्या कोर्टात नाव झालं की लोक ओळखतात, ओळख झाली की मतं मिळतात, मतं मिळाली की राज्याच्या राजधानीत खुर्ची मिळते. अर्थात तिथंही गुलामगिरीतल्या माणसांना आणि स्त्रियांना मत नव्हतं, हे विसरून चालणार नाही. पण वाट होती. जोशांच्या वाट्याला ती आलीच नाही. १८६१ च्या इंडियन कौन्सिल्स ॲक्टनं मुंबईच्या गव्हर्नराच्या कौन्सिलात कायदे करण्यापुरते मोजके जादा सभासद घेतले, पण ते गव्हर्नरानं नेमायचे. त्यांना सरकारला प्रश्न विचारता येत नव्हता, अंदाजपत्रकावर बोलता येत नव्हतं. १८७४ मध्ये मुंबईचे नामवंत वकील रावसाहेब विश्वनाथ नारायण मंडलिक यांची तिथं नेमणूक झाली. मंडलिक मूळचे दापोलीजवळच्या मुरूडचे, गाढे विद्वान, हिंदू धर्मशास्त्राचे अधिकारी भाष्यकार. ती नेमणूक योग्यच होती. पण त्यांना नेमणारा हात गव्हर्नराचा होता, आणि पुण्यातल्या ९५ जणांना नेमणारे हात पुणेकरांचे. दोघांच्या कामाची तुलना करून मी एकाला लहान करत नाही. मात्र लोकप्रतिनिधी हा शब्द त्या काळात कोणाला शोभतो असं विचारलं, तर मी पर्वतीकडं बोट दाखवीन.

पर्वतीचा वाद हळूहळू मागं पडला. सभा उरली आणि तिनं एकेक करून कायदेमंडळाची कामं अंगावर घेतली. तिच्याकडं सत्ता नव्हती, तरी चौकशी करता येत होती. १८७१ च्या अखेरीला महादेव गोविंद रानडे न्यायाधीश म्हणून पुण्यात आले आणि सभेला अभ्यासाची जोड मिळाली. रानडे सरकारी नोकर, त्यामुळं सही दुसऱ्याची, मजकूर पुष्कळदा त्यांचा. इतिहास लिहिताना यावरून एक सोपी मांडणी झाली, की बुद्धी रानड्यांची आणि धावपळ काकांची. मला ती मान्य नाही. रानडे आले तेव्हा सभा दीड वर्षाची होती. मुखत्यारपत्राचा पाया आधीच घातला गेला होता. रानड्यांची विद्वत्ता ज्या व्यासपीठावरून बोलली ते व्यासपीठ उभारणं हेही बुद्धीचंच काम, आणि ते काकांनी आणि त्यांच्या सोबत्यांनी आधी केलं होतं.

सभेनं १८७२ मध्ये शेतकऱ्यांच्या स्थितीची चौकशी करायला पोटसमिती नेमली. पुणे जिल्ह्यात जमिनीची फेरपाहणी होऊन सारा चढला होता. अमेरिकेतलं यादवी युद्ध चालू असताना इथल्या कापसाला सोन्याचा भाव आला होता, १८६५ ला युद्ध संपल्यावर तो उतरला, पण वाढीव सारा तसाच राहिला. तो भरायचा तर सावकाराच्या दारात जाणं आलं. त्याचा शेवट १८७५ च्या मे महिन्यात सुप्यात झाला. गावकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि कर्जरोखे जाळले आणि वणवा पुणे-नगर जिल्ह्यांत पसरला. सभेच्या समितीनं जे आकडे आणि जबान्या गोळा करायला सुरुवात केली होती ते काम या दंग्यांच्या तीन वर्षं आधीचं आहे. सरकारचा डेक्कन ॲग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ ॲक्ट आला तो १८७९ ला. काय चाललंय ते ज्यांना आधी दिसलं होतं त्यांना कायदा करण्याचा अधिकार नव्हता.

१८७५ मध्येच सभेनं थेट ब्रिटिश पार्लमेंटकडं अर्ज केला आणि हिंदुस्थानला तिथं प्रतिनिधित्व द्या अशी मागणी केली. मागणी मान्य होण्याची शक्यता नव्हती आणि हे अर्ज लिहिणाऱ्यांनाही कळत असणार. तरी ती लेखी केली गेली, याला मी महत्त्व देतो. काँग्रेस स्थापन व्हायला अजून दहा वर्षं होती. पुढं १८७६ ते १८७८ चा भयंकर दुष्काळ पडला. सभेनं जिल्ह्याजिल्ह्यांत माणसं पाठवली, मजुरीचे दर, धान्याचे भाव, दुष्काळी कामांवरचे हाल टिपून घेतले आणि ते सरकारला एकामागून एक पत्रांतून कळवले. १८७८ मध्ये सभेचं त्रैमासिक निघालं. अर्थव्यवस्थेवर, शेतीवर, कायद्यांवर असा गंभीर मजकूर लोकांच्या संस्थेनं नियमानं छापावा, हे त्या काळी नवंच होतं.

आणि एक काम असं, की ते वकिलानं करावं याचं मला विशेष वाटतं. काकांनी आणि सभेनं लवाद कोर्टं चालवली. दोन्ही बाजूंनी संमती द्यायची, पंचांनी ऐकून निकाल द्यायचा, स्टॅम्पचा आणि खेपांचा खर्च वाचवायचा. कोर्टातल्या दाव्यांवर ज्याचं पोट त्यानंच लोकांना सांगायचं, की शक्य असेल तर कोर्टात जाऊ नका! स्वारगेटला फाईल घेऊन उतरणाऱ्या माणसाला लवादाचं मोल समजावून सांगावं लागत नाही.

आता त्या ६,००० सह्यांकडं नीट पाहायला हवं. त्या कोणाच्या होत्या? नियमात जातीधर्माची अट नव्हती, पण सभेचा कारभार बहुतांशी ब्राह्मण मंडळींच्या हाती होता, आणि ज्या शेतकऱ्याविषयी ती कळकळीनं लिहीत होती तो शेतकरी तिच्या बैठकीत क्वचितच होता. सही करता येणं हीच तेव्हा थोड्यांची मिरास. काकांच्या पत्नी सरस्वतीबाईंनी बायकांसाठी स्त्रीविचारवती सभा चालवली, ती वेगळी. मूळ सभेच्या यादीत बायकांना जागा नव्हती. याच पुण्यात जोतीराव फुले राहत होते. २४ सप्टेंबर १८७३ ला त्यांनी सत्यशोधक समाज स्थापन केला. १८७६ ते १८८२ ते पुणे नगरपालिकेचे सभासदही होते. सार्वजनिक सभेवर त्यांनी कठोर टीका केली. शूद्रातिशूद्रांच्या नावानं बोलणाऱ्या या सभेत ते आहेत कुठं, हा तिचा गाभा. ही टीका बरोबर होती. काकांवर माया असणाऱ्यानं ती टाळून पुढं जाऊ नये. मुखत्यारपत्राची कल्पनाच असं सांगते की बोलणाऱ्यामागं सह्या हव्यात. मग ज्यांच्या सह्या नाहीत त्यांच्या वतीनं सभा बोलते ती कशाच्या आधारावर? फुल्यांनी विचारलेला प्रश्न सभेच्या स्वतःच्या नियमातून निघतो, म्हणून तो इतका बोचतो.

१८७२ मध्ये काकांनी देशी कापडच वापरण्याचा निश्चय केला आणि स्वतः सूत काततही राहिले. देशी मालाच्या विक्रीसाठी, उद्योगांसाठी खटपट केली. १ जानेवारी १८७७ ला दिल्लीत लॉर्ड लिटननं मोठा दरबार भरवून राणी व्हिक्टोरियाला हिंदुस्थानची सम्राज्ञी जाहीर केलं. दक्षिणेत दुष्काळ चालू होता. सभेचे प्रतिनिधी म्हणून काका दिल्लीला गेले. जरीकाठ, रेशीम, जवाहीर यांनी झगमगणाऱ्या त्या मेळाव्यात हा वकील पांढऱ्या जाड्याभरड्या खादीत उभा राहिला. सभेच्या मानपत्रात सम्राज्ञीकडं मागणं होतं, की इथल्या प्रजेला ब्रिटिश प्रजेच्या बरोबरीचा राजकीय आणि सामाजिक दर्जा मिळावा. पुस्तकांतून कपड्यांची आठवण राहिली आणि मागणं मागं पडलं. वास्तविक दोन्ही एकत्रच वाचायला हवीत.

काकांच्या वकिलीची खरी कसोटी १८७९ मध्ये लागली. पुण्यातल्या लष्करी हिशेब खात्यात कारकुनी करणाऱ्या वासुदेव बळवंत फडक्यांनी नोकरी सोडून रामोशी, कोळी, धनगर मंडळींना बरोबर घेऊन बंड उभारलं होतं. त्या वर्षीच्या मे महिन्यात पुण्यातल्या बुधवारवाड्याला आणि विश्रामबागवाड्याला आगी लागल्या आणि सरकारचा संशय शहरातल्या शिकलेल्या माणसांवर गेला. नाशिकला असलेल्या रानड्यांना तातडीनं धुळ्याला हलवलं गेलं आणि त्यांचं टपाल फोडून पाहिलं जाऊ लागलं. रमाबाई रानड्यांनी आपल्या आठवणींत हे लिहून ठेवलं आहे. न्यायाधीशाची ही स्थिती, तर सार्वजनिक सभेच्या म्होरक्याची काय असेल?

जुलैत मेजर डॅनियलनं फडक्यांना देवर नावदगी इथं पकडलं. खटला पुण्यात संगमाजवळच्या कोर्टात चालला. फडक्यांची स्वतःची रोजनिशी आणि आत्मवृत्त सरकारच्या हाती पडलं होतं, म्हणजे आरोपीविरुद्धचा सर्वांत मोठा साक्षीदार त्याचं स्वतःचंच अक्षर. आरोप राजाविरुद्ध युद्ध पुकारल्याचा. त्यांचं वकीलपत्र घ्यायला गणेश वासुदेव जोशी पुढं आले. सत्र न्यायालयात महादेव चिमणाजी आपट्यांनी बाजू मांडली; आनंदाश्रम संस्था पुढं काढली ते हेच आपटे.

काकांचा मार्ग अर्जविनंत्यांचा, कायद्याचा. फडक्यांचा मार्ग तलवारीचा. सभेची सारी प्रतिष्ठा 'आम्ही सनदशीर आहोत' या एका वाक्यावर उभी होती, आणि सरकार तेच वाक्य खोटं ठरवायला टपलेलं. अशा वेळी सभा वाचवायची म्हणून हा खटला दुसऱ्यावर सोपवणं सहज शक्य होतं, आणि त्याला कोणी भ्याडपणाही म्हटलं नसतं. काकांनी तसं केलं नाही. ज्याच्या वतीनं बोलायला कोणी तयार नाही त्याच्या वतीनं बोलायचं, हे त्यांच्या धंद्याचं पहिलं कर्तव्य त्यांनी सार्वजनिक पुढारीपणाच्या वर ठेवलं. नोव्हेंबरात फडक्यांना जन्मठेप काळ्या पाण्याची शिक्षा झाली. त्यांना एडनला नेलं आणि तिथंच १७ फेब्रुवारी १८८३ ला त्यांचा अंत झाला. तोपर्यंत त्यांचे वकीलही गेले होते. २५ जुलै १८८० ला वयाच्या बावन्नाव्या वर्षी काका वारले. ज्या सभागृहात त्यांच्यासारख्या माणसानं बसायचं ते अजून बांधलंच गेलं नव्हतं.

पुढची सारी हकीकत स्वारगेटच्या परिसरातच घडली किंवा घडता घडता राहिली. १८८५ च्या डिसेंबरात देशभरातल्या प्रतिनिधींची परिषद पुण्यात भरायची होती. यजमान सार्वजनिक सभा, जागा पर्वतीजवळची पेशव्यांची बाग, म्हणजे हिराबागेचा परिसर. ऐनवेळी पुण्यात पटकीची साथ आली आणि परिषद मुंबईला गोकुळदास तेजपाल पाठशाळेत हलवली. २८ डिसेंबरला तिथं ७२ प्रतिनिधी जमले आणि काँग्रेसचा जन्म झाला. साथ आली नसती तर हा मान स्वारगेटहून दहा मिनिटांच्या अंतरावरच्या हिराबागेला मिळाला असता. टिळक रस्त्यानं जाता-येताना मला हे आठवल्यावाचून राहत नाही.

त्या रस्त्याला ज्यांचं नाव आहे त्यांनी कायद्याची पदवी घेतली होती, कायद्याचा वर्ग चालवला होता, पण वकिली केली नाही. १८९२ च्या सुधारणेनं कौन्सिलाचं दार किलकिलं झालं. स्थानिक संस्थांना नावं सुचवता येऊ लागली, सभासदांना प्रश्न विचारता येऊ लागले. १८९५ मध्ये मध्य विभागाच्या लोकल बोर्डांच्या मतांवर लोकमान्य मुंबई कौन्सिलात गेले. त्याच वर्षी सार्वजनिक सभा त्यांच्या पक्षाच्या हाती आली आणि १८९६ च्या दुष्काळात सभेनं गावोगाव जाऊन लोकांना फॅमिन कोड समजावून दिला, म्हणजे सरकारनं स्वतःच लिहून ठेवलेले रयतेचे हक्क. काकांच्या काळातली दुष्काळाची टिपणं आणि ही मोहीम यांत मला एकच धागा दिसतो. सरकारनं १८९७ मध्ये सभेची मान्यता काढून घेतली आणि जुलैत टिळकांना राजद्रोहाखाली पकडलं. त्यांचं आमदारपण तुरुंगाच्या दारात संपलं.

स्वारगेटच्या मुख्य चौकाला मात्र नाव आहे देशभक्त केशवराव जेध्यांचं. हे मला फार योग्य वाटतं, कारण सार्वजनिक सभेच्या यादीत जी माणसं नव्हती त्यांच्या बाजूनं जेधे उभे राहिले. १९२५ मध्ये पुणे नगरपालिकेत त्यांनी जोतीराव फुल्यांचा पुतळा उभारावा असा ठराव मांडला आणि शहरात गदारोळ उठला. त्याच धुमाळीत दिनकरराव जवळकरांचं 'देशाचे दुश्मन' हे पुस्तक निघालं. त्यात विष्णुशास्त्री चिपळूणकर आणि टिळकांवर अतिशय कडक भाषेत टीका होती. प्रकाशक म्हणून जेधे आणि लेखक जवळकर, दोघंही अब्रुनुकसानीच्या खटल्यात सापडले. आणखी दोघे सहकारी आरोपी होते. खालच्या कोर्टानं त्यांना दोषी ठरवलं.

अपील १९२६ मध्ये पुण्याच्या सत्र न्यायालयात चाललं. आरोपींच्या बाजूनं उभे राहिले ते मुंबईहून आलेले पस्तिशीचे बॅरिस्टर, डॉ. भीमराव रामजी आंबेडकर. कोलंबिया विद्यापीठ आणि ग्रेज इन यांच्या पदव्या असूनही त्यांच्याकडं तेव्हा फारसे खटले येत नव्हते; अस्पृश्य बॅरिस्टराला वकीलपत्र देणारे पक्षकार थोडेच. जेधे आणि जवळकरांनी दिलं. आंबेडकरांनी अपील जिंकलं आणि सगळे आरोपी सुटले. १९२७ च्या आरंभी ते मुंबई कायदे कौन्सिलात बसले. तिथंही त्यांची जागा सरकारनं नेमलेलीच होती, कारण ज्या समाजाच्या वतीनं ते बोलणार होते त्यातल्या फारच थोड्यांना मत होतं. १९२८ मध्ये त्यांनी या कौन्सिलात महार वतनासंबंधीचं विधेयक मांडलं.